जिनिंगच्या फाटकावरचे समन्स: एका एकतर्फी भरपाई आदेशाचे प्रकरण

फेब्रुवारी २०२४ मध्ये परभणी जिल्ह्यातल्या एका जिनिंग-प्रेसिंगच्या, म्हणजे कापसातली सरकी काढून गाठी बांधणाऱ्या मिलच्या, भागीदाराला तहसील कार्यालयाची वसुलीची नोटीस आली. रक्कम होती पावणे तेहतीस लाखांच्या आसपास. ती ठरलेल्या मुदतीत भरली नाही तर जमीन महसुलाची थकबाकी म्हणून वसूल होईल, असे तिच्यात लिहिले होते. भागीदाराला आधी वाटले, हे शेजारच्या जिनिंगचे प्रकरण आहे. तलाठ्याने खाली दिलेला आदेशाचा क्रमांक दाखवला तेव्हा कळले की नोव्हेंबर २०२३ मध्ये कर्मचारी नुकसानभरपाई आयुक्तांनी त्याच्याविरुद्ध एकतर्फी, म्हणजे त्याचे न ऐकता, आदेश दिला आहे.

मी या प्रकरणात मिलच्या बाजूने वकीलपत्र दाखल केले. पक्षकारांची ओळख पटू नये म्हणून गाव आणि काही तपशील बदलले आहेत, कायद्याचा भाग आणि हिशेबाची रीत जशीच्या तशी आहे. कायदा म्हणजे १९२३ चा कर्मचारी नुकसानभरपाई कायदा. नोव्हेंबर २०२५ मध्ये त्याची आणि कर्मचारी राज्य विमा कायद्याची जागा सामाजिक सुरक्षा संहितेने घेतली, त्यामुळे खालची कलमे त्या वेळच्या कायद्यातली समजावीत.

अपघात जानेवारी २०२२ मधला. हंगाम भरात होता, रात्रपाळी चालू होती. डबल रोलर जिनमध्ये कापूस अडकला, तो काढायला तीस वर्षांच्या कामगाराने हात घातला आणि उजव्या हाताची तीन बोटे गेली. अंगठा राहिला, पण तो वाकत नाही. कामगार मुकादमाने आणलेला होता. मिलच्या हजेरीपटावर त्याचे नाव नव्हते, मुकादमाच्या वहीत होते. मिलने दवाखान्याचे बिल भरले, मुकादमाच्या हातून चाळीस हजार दिले आणि शंभराच्या स्टॅम्पपेपरवर ‘आता काही मागणे राहिले नाही’ असे लिहून त्यावर डाव्या हाताचा अंगठा घेतला.

असे स्टॅम्पपेपर मराठवाड्यातल्या जवळजवळ प्रत्येक जिनिंगच्या कपाटात सापडतील, आणि त्यांची किंमत त्या कागदापुरतीच आहे. १९२३ च्या कायद्याचे कलम १७ सांगते की भरपाईचा हक्क सोडून देणारा करार शून्य आहे. कलम २८ प्रमाणे आयुक्तांकडे नोंदवलेली तडजोड तेवढी टिकते. भागीदाराने तो कागद मला पहिल्याच भेटीत मोठ्या विश्वासाने काढून दाखवला. तो परत कपाटात ठेवा, असे मी सांगितले.

दुसरा प्रश्न त्याने विचारला तो जास्त शहाणपणाचा होता: हे ईएसआयकडे का जात नाही? कर्मचारी राज्य विमा (ईएसआय) कायद्यातून हंगामी कारखाने वगळलेले होते आणि हंगामी कारखान्याच्या व्याख्येत कापसाचे जिनिंग व प्रेसिंग नावानिशी होते. त्यामुळे जिनिंगमध्ये बोट गेले की कामगाराला १९२३ च्या कायद्याचाच दरवाजा उरायचा. मुकादमाचा माणूस म्हणून मिल सुटत नाही. कलम १२ प्रमाणे आपल्या धंद्याचे नेहमीचे काम ठेकेदाराकडून करून घेणारा मुख्य मालकच भरपाईला जबाबदार असतो. मग त्याने ती मुकादमाकडून वसूल करावी, तो वेगळा हिशेब.

आता आदेशाकडे. कामगाराने मार्च २०२३ मध्ये अर्ज केला. दोन वर्षांची मुदत होती, अर्ज मुदतीत होता. त्यात पगार महिना पंधरा हजार दाखवला होता. ही रक्कम योगायोगाची नव्हे, कारण ३ जानेवारी २०२० पासून हिशेबासाठी धरायच्या मासिक वेतनाची मर्यादाच पंधरा हजार होती. अपंगत्वाच्या दाखल्यावर ६५ टक्के होते. अर्जदाराचे म्हणणे असे की हा माणूस आता जिनिंगचे काम करूच शकत नाही, म्हणून कमाईक्षमतेची हानी शंभर टक्के धरावी. या मागणीला आधार आहे. १९७५ च्या डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयाच्या चार न्यायमूर्तींच्या पीठाने डावा हात कोपराच्या वर तुटलेल्या सुताराची हानी शंभर टक्के धरली होती, कारण एका हाताने सुतारकाम होत नाही. समोर कोणी नव्हते, उलटतपासणी झाली नाही, त्यामुळे आयुक्तांनी मागणी जशीच्या तशी मान्य केली.

हिशेब असा झाला. पंधरा हजारांचे ६० टक्के म्हणजे नऊ हजार. वयानुसार ठरणारा गुणक, तिसाव्या वर्षाचा, परिशिष्ट ४ प्रमाणे २०७.९८. गुणाकार १८,७१,८२० रुपये. त्यावर अपघातापासून १२ टक्के व्याज आणि वर ५० टक्के दंड, ९,३५,९१० रुपये. फेब्रुवारी २०२४ पर्यंतचे व्याज धरून आकडा पावणे तेहतीस लाखांवर गेला.

आदेश वाचताच दोन गोष्टी डोळ्यांत भरल्या. परिशिष्ट १ च्या दुसऱ्या भागात एका हाताची तीन बोटे जाण्याला ३० टक्के लिहिले आहेत, त्याचा आदेशात उल्लेखही नव्हता. आणि दंड लावण्याआधी मालकाला कारणे दाखवण्याची संधी द्यावी लागते असे कलम ४-अ मध्येच लिहिले आहे, तशी नोटीस निघालेलीच नव्हती. भागीदार लगेच म्हणाला, ‘म्हणजे आदेश चुकीचाच आहे की, साहेब. अपील टाकून द्या.’

इथे मी थांबवले. कलम ३० चे अपील मुंबई उच्च न्यायालयाकडे जाते, आमच्यासाठी औरंगाबाद खंडपीठाकडे. मुदत साठ दिवसांची, म्हणजे ती आमच्या हातून गेलेली होती आणि विलंब माफीचा अर्ज द्यावा लागला असता. अपील कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावरच चालते, टक्केवारीची फेरतपासणी तिथे होत नाही. शिवाय मालकाच्या अपिलाबरोबर आदेशाची रक्कम भरल्याचे आयुक्तांचे प्रमाणपत्र जोडावेच लागते, त्याशिवाय ते नोंदवूनच घेतले जात नाही. सर्वांत मोठी अडचण वेगळीच होती. अपिलात आमच्याकडे दाखवायला पुरावा काय? हजेरीपट, मुकादमाची वही, डॉक्टरची उलटतपासणी, यातले काहीच नोंदीवर नव्हते. उच्च न्यायालयाने फार तर दंड काढला असता. पगार आणि टक्केवारी तशीच राहिली असती. आणि अपील गुणवत्तेवर फेटाळले गेले की मग त्याच आदेशाविरुद्ध एकतर्फी म्हणून रद्द करण्याचा अर्ज चालत नाही. दोन दरवाजे आहेत, पण चुकीच्या दरवाजातून आधी गेलात की दुसरा मागे बंद होतो.

दुसरा दरवाजा म्हणजे त्याच आयुक्तांपुढे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ९ नियम १३ खालचा अर्ज. १९२४ च्या नियमांतला नियम ४१ आयुक्तांपुढच्या कामाला संहितेचा आदेश ९ आणि समन्स बजावणीचा आदेश ५, त्यातले बहुतेक नियम, लागू करतो. मुदत तीस दिवस. समन्स नीट बजावले गेले नसेल तर हे तीस दिवस आदेश कळल्या दिवसापासून मोजतात.

म्हणजे सगळे प्रकरण एका प्रश्नावर येऊन थांबले: समन्स बजावले गेले का? कामगार खरा की मालक खरा, पगार किती, टक्के किती, याचा त्या अर्जाशी संबंध नव्हता. पक्षकाराला हे पटवणे सर्वांत अवघड जाते. प्रत्येक भागीदाराला आधी आपली बाजू किती बरोबर हे सांगायचे असते. अशा अर्जात गुणवत्तेची दहा पाने भरणारे वकील मी पाहिले आहेत आणि त्या दहा पानांनी न्यायाधीशांचा संशय वाढतो. एवढे सगळे माहीत होते तर आला का नाहीस, असा तो संशय.

मी रोजनाम्याची, म्हणजे तारखांवरच्या कामकाजाच्या नोंदीची, आणि समन्सच्या अहवालाची नक्कल मागितली. रोजनाम्यात एकच ओळ होती: सामनेवाल्यास समन्स बजावले, पुकारा केला, गैरहजर, एकतर्फी. अहवालात मात्र मजकूर होता. समन्स बजावणारा बेलिफ जून २०२३ मध्ये जिनिंगवर गेला. फाटकाला कुलूप होते. त्याने समन्सची प्रत फाटकावर चिकटवली. साक्षीदार म्हणून एक सही होती, नाव अर्धवट, पत्ता नाही. रजिस्टर पोस्टाचे पाकीट ‘कारखाना बंद’ शेऱ्यानिशी परत आले होते.

जूनमध्ये जिनिंग बंदच असते. दसरा-दिवाळीला कापूस येतो तेव्हा हंगाम उघडतो आणि उन्हाळा संपेपर्यंत गाठी बांधून मिल थंडावते. पावसाळ्याचे महिने तिथे पहारेकरी आणि कुत्रे एवढेच राहतात. परभणी, सेलू, मानवत, जिंतूर या पट्ट्यात हे लहान मुलालाही माहीत आहे. अर्जदाराला तर नक्कीच, कारण त्याने तीन हंगाम त्याच मिलमध्ये काढले होते.

आदेश ५ नियम १७ प्रमाणे दारावर प्रत चिकटवायची असेल तर कोणी घर दाखवले आणि कोणासमोर चिकटवली, त्यांची नावे-पत्ते अहवालात हवेत. नियम १९ प्रमाणे बेलिफाचा अहवाल शपथेवर नसेल तर न्यायालयाने त्याला शपथेवर तपासायचे असते आणि मग समन्स नीट बजावले की नाही हे जाहीर करायचे असते. इथे दोन्ही झाले नव्हते. पोस्टाच्या शेऱ्यातही फरक असतो. ‘घेण्यास नकार’ असा शेरा असता तर आमची बाजू जवळजवळ संपली होती. ‘कारखाना बंद’ हा नकार नव्हे.

तरीही एवढ्यावर मी निश्चिंत नव्हतो. नियम १३ च्याच एका परंतुकात, म्हणजे अपवादाच्या कलमात, म्हटले आहे की सामनेवाल्याला तारखेची माहिती होती आणि हजर राहायला पुरेसा वेळ होता, तर केवळ बजावणीतल्या त्रुटीवरून आदेश रद्द होणार नाही. विरोधी वकिलांनी नेमका तोच धागा पकडला. फेब्रुवारी २०२३ मध्ये त्यांनी वकिलाची नोटीस पाठवली होती. ती भागीदाराच्या परभणीतल्या घरी पोहोचली होती, पोहोचपावतीवर घरच्या माणसाची सही होती. मग मागणीची माहिती नव्हती असे कसे म्हणता?

हीच नोटीस त्यांच्यावर उलटली. मागणीची माहिती असणे आणि सुनावणीची तारीख माहीत असणे या वेगळ्या गोष्टी आहेत, आणि परंतुक तारखेबद्दल बोलते. त्याहून महत्त्वाचे म्हणजे अर्जदाराला भागीदाराच्या घरचा पत्ता माहीत होता, तिथे पाठवलेला कागद पोहोचतो हेही माहीत होते. तरी महिनाभराने केलेल्या अर्जात पत्ता फक्त मिलचा, तोही हंगाम संपत असताना. अर्जदाराने हे मुद्दाम केले, असे मी म्हटले नाही. बहुधा कोणी कारकुनाने मिलच्या फाटकावरची पाटी पाहून पत्ता लिहिला असेल. पण ती नोटीस पुराव्याचा कागद (निशाणी) म्हणून दाखल केल्यावर फारसे बोलावे लागले नाही.

पहारेकऱ्याची साक्ष झाली. म्हातारा गडी, अक्षरओळख नाही. ‘कागद चिटकवला व्हता साहेब, पर मला वाचता येत न्हाई. चार दिसांनी पाऊस आला, गळून पडला.’ कागद चिकटवला गेला होता हे त्याने कबूल केले याने भागीदार अस्वस्थ झाला. मला ते बरे वाटले, कारण खोटी साक्ष वाटावी असे त्यात काही उरले नाही.

हरकत दुसरीही होती: आदेश देऊन झाल्यावर आयुक्तांचे अधिकार संपतात, स्वतःचा आदेश ते फिरवू शकत नाहीत. हा मुद्दा ऐकायला भक्कम वाटतो. पण गुणवत्तेवर पुन्हा विचार करणे वेगळे आणि ज्याला ऐकलेच नाही त्याला ऐकणे वेगळे, हा फरक सर्वोच्च न्यायालयाने ग्रिंडलेज बँकेच्या १९८० मधल्या निकालात औद्योगिक न्यायाधिकरणांच्या संदर्भात स्पष्ट केला आहे. इथे तर नियम ४१ ची थेट तरतूदच होती.

खरा धोका मुदतीचा होता. अर्जदाराच्या मेहुण्याने शपथपत्र दिले की डिसेंबर २०२३ मध्ये मोंढ्यात, म्हणजे बाजारपेठेत, भेट झाली तेव्हा त्याने भागीदाराला सांगितले होते, ‘शेठ, कोर्टाचा निकाल लागलाय, आता बघा.’ हे खरे धरले तर तीस दिवस जानेवारीतच संपत होते. भागीदाराने भेट नाकारली नाही. अशा धमक्या हंगामात रोज ऐकू येतात, एवढेच तो म्हणाला. मी आदेश रद्द करण्याचा अर्ज तहसीलच्या नोटिशीपासून तीस दिवसांत दाखल केला होता आणि सोबत विलंब माफीचा अर्जही जोडला होता. विलंब झालाच नाही असे म्हणायचे आणि झाला असल्यास माफ करा असेही म्हणायचे, यात काही विसंगती नाही. पक्षकाराला मात्र विलंब माफीचा अर्ज कबुलीसारखा वाटतो आणि तो काढून टाकायला सांगतो. काढू नये.

दरम्यान वसुली चालूच होती. रद्द करण्याचा अर्ज दिला म्हणून तहसीलदार थांबत नाही, त्याला स्थगितीचा आदेश दाखवावा लागतो. भागीदाराच्या शेताच्या सातबारावर बोजा चढण्याची वेळ आली होती. मी त्याच्यापाशी एका गोष्टीवर अडून बसलो: जेवढे मान्य आहे तेवढे आधी भर. दिवसाला साडेतीनशे आणि महिन्याला सव्वीस दिवस हा त्याचाच आकडा, म्हणजे ९,१०० रुपये. परिशिष्टाचे ३० टक्के. हिशेबाने ३,४०,६७१ रुपये येतात. एवढी जबाबदारी तो कधीच नाकारू शकत नव्हता. कलम ४-अ (२) प्रमाणे मान्य असलेली रक्कम मालकाने वाद चालू असतानाही भरायचीच असते, आणि ती फेब्रुवारी २०२२ मध्येच भरली असती तर पुढचे निम्मे रामायण घडले नसते. त्याने मान हलवली, पण चेक लिहायला पंधरवडा घेतला.

त्याला आणखी एक कल्पना सुचली होती. कामगार वर्षातून सहा महिनेच कामावर असतो, तेव्हा पगार वर्षावर वाटून निम्मा धरावा. ही चाल जिनिंगवाल्यांमध्ये लोकप्रिय आहे आणि ती टिकत नाही. कलम ५ प्रमाणे बारा महिने सलग काम नसेल तर शेवटच्या सलग कामाच्या काळातले एकूण वेतन घेऊन, त्या काळातल्या दिवसांनी भागून, तिसाने गुणतात. हंगामाबाहेरचे रिकामे महिने हिशेबात येतच नाहीत.

जुलै २०२४ मध्ये आदेश रद्द करण्याचा आमचा अर्ज मंजूर झाला. मोंढ्यातले बोलणे म्हणजे कोणत्या न्यायालयाचा, किती रकमेचा आदेश याची माहिती नव्हे, आणि फाटकावरची बजावणी नियमाप्रमाणे झालेली नाही, असे आयुक्तांनी नोंदवले. अटी घातल्या: पाच लाख भरणे, अर्जदाराला पंधरा हजार खर्च देणे. मान्य असलेली रक्कम अर्जदाराला लगेच काढू दिली. अडीच वर्षांत त्याच्या हाती आलेले हे पहिले खरे पैसे. अर्जदाराच्या वकिलांचा चेहरा त्या दिवशी पडला होता, पण माझ्या मते त्यांच्या पक्षकाराचे यात नुकसान झाले नाही. दंड आणि शंभर टक्क्यांचा तो आदेश उद्या उच्च न्यायालयात अडकला असता आणि कामगार तोवर कोरडाच राहिला असता. कायद्यात अर्ज तीन महिन्यांत निकाली काढण्याची अपेक्षा आहे. त्या घाईत बजावणीचा अहवाल कोणी वाचत नाही आणि मग दोन वर्षे त्याच अहवालावर भांडण चालते.

फेरसुनावणीत विमा कंपनीला सामील केले. मिलकडे कामगारांची पॉलिसी होती, बँकेच्या कर्जासाठी घेतलेली, आणि अपघातानंतर ती उघडून कोणी पाहिलीच नव्हती. कंपनीने आधी मुकादमाच्या माणसांना संरक्षण नाही म्हणून हात वर केले. पॉलिसीत ठेकेदाराच्या कामगारांचा रकाना भरलेला निघाल्यावर तो वाद मिटला. पण व्याज आणि दंड पॉलिसीत स्पष्ट वगळले होते. असे वगळणे चालते, असे सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये सांगितले आहे. मोटार अपघाताच्या विम्यासारखी सक्ती इथे नाही.

डॉक्टरच्या उलटतपासणीत कळले की ६५ टक्के हे त्या एका हातापुरते होते, शरीराचे किंवा कमाईचे नव्हे. पण आमचे ३० टक्केही पूर्ण चालले नाहीत, कारण न वाकणारा अंगठा परिशिष्टातल्या तीन बोटांत बसत नाही. परिशिष्टात आख्खा हात गेला तर ६० टक्के आहेत. आयुक्तांनी ५५ टक्के धरले. मुकादमाच्या वहीतल्या दुप्पट पाळ्या बघून पगार १२,००० धरला. भरपाई आली ८,२३,६०१ रुपये. या वेळी दंडाची नोटीस रीतसर निघाली. मिलने उत्तरात तो स्टॅम्पपेपर पुढे केला, मी नको म्हणत असताना. त्याचा परिणाम एवढाच झाला की मालकाला जबाबदारी तेव्हाच कळली होती असे नोंदवून आयुक्तांनी २५ टक्के दंड लावला, २,०५,९०० रुपये.

मार्च २०२५ मध्ये हिशेब पुरा झाला तेव्हा भरपाई कंपनीने दिली, मिलने आधी भरलेले त्यात वळते झाले, आणि पावणेतीन लाखांच्या जवळचे व्याज आणि शिवाय वरचा दंड मिलच्या खिशातून गेला. कामगाराला एकूण तेरा लाखांच्या आसपास मिळाले. कलम १२ (२) खाली मुकादमाकडून वसुलीचा अर्ज आम्ही दिला आहे. त्याच्या गावच्या पत्त्यावर गेलेले समन्स परत आले, कारण तो टोळी घेऊन कर्नाटकात ऊसतोडीला गेला आहे. या वेळी बेलिफाला मी सांगितले, चिकटवू नकोस, तो गावी आला की हातात दे.